बारा वर्षं तात्पुरते सर

आमच्या भूगोलाच्या सरांइतका पक्का माणूस मी सोलापुरात दुसरा पाहिला नाही, आणि सरकारी कागदांत त्यांच्याइतका तात्पुरता माणूसही दुसरा कुणी नसेल. बारा वर्षं ते आमच्या महाविद्यालयात तात्पुरते होते. त्या बारा वर्षांत तीन प्राचार्य येऊन गेले, ग्रंथालयाची जुनी इमारत पाडून नवी झाली, आवारातला कडुनिंब वाऱ्याने पडला, पण सरांचं तात्पुरतेपण जागचं हललं नाही. दरवर्षी जूनमध्ये त्यांना नेमणुकीचा आदेश मिळे. ही नेमणूक निव्वळ तात्पुरती असून कोणत्याही क्षणी कारण न देता संपुष्टात आणली जाईल, असं त्यात लिहिलेलं असे. बाकीचे तात्पुरते प्राध्यापक ते वाक्य न वाचता आदेश खिशात घालत. सर ते वाक्य वाचत, आणि त्यावर विश्वास ठेवत. त्यांच्या सगळ्या विक्षिप्तपणाचं मूळ एवढंच होतं. मी त्यांच्याच विभागात होतो. ते माझ्याआधी वर्षभर आले होते आणि माझ्यापेक्षा चांगलं शिकवत. माझी जागा मंजूर होती, त्यांची नव्हती, म्हणून मी पहिल्या दिवसापासून कायम आणि ते तात्पुरते. हे सुरुवातीलाच सांगून टाकलेलं बरं, कारण पुढे मला बरंच काही कबूल करायचं आहे.

सर पूर्व भागात दोन खोल्यांत भाड्याने राहत. घरमालक यंत्रमागवाले, घरात तेलुगू बोलत आणि सरांशी मराठी. नोकरीचं एप्रिलपर्यंतच खरं म्हणून सरांनी त्या घरात एकही खिळा ठोकला नाही. शर्ट खिडकीच्या गजांना लटकत. कॅलेंडर ट्रंकेवर भिंतीला टेकून उभं असे आणि पंखा लावला की महिने आपोआप उलटत. आरसाही तसाच जमिनीवर टेकवलेला, त्यामुळे बारा वर्षं सरांनी दाढी गुडघ्यांवर बसून केली. लांबून पाहणाऱ्याला वाटे, माणूस फार भाविक आहे. घरमालकांना ते बघवत नसे. एकदा माझ्यादेखत ते हातोडी घेऊनच आले.

"मास्तर, एक खिळा ठोका की. भिंत माझी आहे, मी सांगतोय."

"थांबा जरा, मालक. एप्रिलला कळेल राहतोय का जातोय ते."

"असे किती एप्रिल झाले म्हणायचे?"

"ते मोजायचे नसतात," सर म्हणाले. "मोजले की हक्क सांगितल्यासारखं होतं."

मालक हातोडी घेऊन परत गेले आणि जाता जाता मला म्हणाले, "लई शिकलेला माणूस हाय, म्हणून गप बसतो."

लग्नाच्या बाबतीतही सरांनी कुणाला अंधारात ठेवलं नाही. ते मूळचे अक्कलकोटच्या बाजूचे, घरात निम्मं कन्नड, निम्मं मराठी. मुलगीही तिकडचीच पाहिली होती. मुलीच्या वडिलांनी रिवाजाप्रमाणे विचारलं, मुलगा काय करतो. सरांचे मामा उत्तर देणार इतक्यात सर स्वतःच म्हणाले, "तीस एप्रिलपर्यंत प्राध्यापक आहे." सासऱ्यांनी विचारलं, "आणि त्यानंतर?" "त्यानंतर जून येतो." सासरे शेतकरी होते. जून येईपर्यंत काही खरं नसतं, हे त्यांना समजावून सांगावं लागलं नाही, आणि त्यांनी मुलगी दिली. वहिनी ही गोष्ट आजही रंगवून सांगतात, आणि शेवटी भर घालतात, "आमचं लग्न मेमध्ये झालं, भावजी. म्हणजे हे त्या दिवशी बेकार होते. मी एका बेकाराच्या गळ्यात हार घातला, हे यांनीच मला जूनमध्ये सांगितलं, ऑर्डर हातात आल्यावर." यावर सर मान हलवून म्हणत, "फसवणूक नको म्हणून सांगितलं."

वाचायला सर अफाट, पण पुस्तक निवडायचे ते एप्रिलच्या आत संपणारं. फेब्रुवारीत ग्रंथपालांनी एखादा जाड ग्रंथ पुढे केला, की सर तो हातात तोलून बघत आणि खेदाने परत करत. मध्येच नोकरी गेली तर ग्रंथालयाचा हक्क जाईल आणि शेवट कळणार नाही. शिकवतानाही त्यांनी स्वतःला कधी वगळलं नाही. बारमाही आणि हंगामी नद्या शिकवताना वर्गातलं कुणीतरी मुद्दाम विचारी, "सर, आपली सीना बारमाही का हंगामी?" सर फळ्याकडे तोंड करून म्हणत, "हंगामी. माझ्यासारखीच. फक्त तिला आदेश लागत नाही." वर्ग हसायचा, सरही हसायचे. मीही बाहेर व्हरांड्यातून जाता जाता हसायचो. तेव्हा मला त्यात हसण्यापलीकडे काही दिसत नव्हतं.

सरांच्या वर्षातला सगळ्यात विचित्र दिवस म्हणजे ब्रेकचा. ज्यांना ही भानगड माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. तात्पुरता माणूस सलग नोकरीत राहिला तर उद्या कायमपणाचा हक्क सांगेल, म्हणून वर्षाच्या मध्येच त्याची सेवा एखाद्या दिवसापुरती तोडायची पद्धत होती. कागदावर त्याला तांत्रिक खंड म्हणत, आम्ही ब्रेक म्हणायचो. आमचे हेडक्लार्क करकंबचे, मायाळू गृहस्थ. ते सरांचा ब्रेक शोधून शोधून रविवारी नाहीतर गड्ड्याच्या यात्रेच्या सुट्टीला टाकत, म्हणजे कुणाचंच काही जात नसे. पण कधी चुकून ब्रेक साध्या वारी आलाच, तर सर घरी बसत नसत. नेहमीच्या वेळेला इस्त्रीचा शर्ट घालून यायचे आणि महाविद्यालयाच्या फाटकासमोरच्या चहाच्या टपरीवर बसायचे. फाटकाच्या आत पाऊल टाकायचे नाहीत, कारण आज आपण इथले कुणी नाही. मुलं शंका घेऊन टपरीवर यायची. एकदा एका मुलीला समोच्च रेषा काही केल्या कळेनात, तर सरांनी टपरीवाल्याकडून बशीभर शेंगाचटणी मागवली, तिचा डोंगर रचला, चमच्याने एकेका उंचीला कड काढली आणि तिला वरून बघायला लावलं. त्या मुलीला समोच्च रेषा कळल्या, आणि डोंगर आम्ही सगळ्यांनी भाकरीबरोबर खाल्ला. तेवढ्यात प्राचार्यांची गाडी आली. त्यांनी काच खाली करून विचारलं, "सर, बाहेर का? आत या की."

"आज नको, सर," सर उभे राहून अदबीने म्हणाले. "आज मी नाहीये."

अखेर दोन हजार सहाच्या जूनमध्ये जागा मंजूर झाली आणि सरांच्या हातात कायमपणाचा आदेश पडला. त्यांनी तो तीनदा वाचला, तात्पुरता हा शब्द कुठे लपलाय का ते बघितलं, आणि घरी जाता जाता हातोडी विकत घेतली. त्या दुपारी त्यांनी चौदा खिळे ठोकले. अडकवायला वस्तू चारच होत्या. वहिनी म्हणाल्या, बाकीचे कशाला, तर म्हणाले, असू देत, सामान येईल. शेजारच्या खोलीतले माग बंद ठेवून घरमालक धावत आले आणि भिंतीकडे बघत राहिले. "मास्तर," ते म्हणाले, "नोकरी कायम झाली तुमची. भिंत तेवढी पक्की न्हाई, जरा बघून." सरांनी मग जाड ग्रंथही आणले. पण दाढी मात्र पुढचे कित्येक दिवस ते गुडघ्यांवर बसूनच करत राहिले. उभं राहून केली की कापायचं.

हा आनंद पुरा व्हायच्या आत पेन्शनचा घोळ आमच्या ध्यानात आला. एक नोव्हेंबर दोन हजार पाचच्या आधी जे सेवेत लागले त्यांना जुनी पेन्शन, नंतर लागले त्यांना नवी योजना, म्हणजे साठीनंतर हातात काय पडेल याचा भरवसा नाही. सरांची कायम नेमणूक त्या तारखेच्या नंतरची, काही महिन्यांनी हुकलेली. पण आधीची बारा वर्षं? ती जर सलग सेवा धरली, तर सर जुन्या पेन्शनीत बसत होते. तेव्हापासून सरांनी भूगोल शिकवायचा आणि सेवानियमांचा अभ्यास करायचा, असे दोन विषय घेतले. कापडी पिशव्यांत शासननिर्णय भरून ते हिंडू लागले. पंचवीस वर्षांपूर्वीचं परिपत्रक कोणत्या पिशवीत आहे ते त्यांना डोळे मिटून सांगता यायचं. बघता बघता सगळ्या जिल्ह्यातले प्राध्यापक त्यांच्याकडे येऊ लागले. माढ्याचे कुणी वेतननिश्चितीसाठी, बार्शीचे कुणी रजा शिल्लक दाखवायला. कुणी सेवेत असतानाच गेलं, तर सर दहाव्याच्या आत घरच्यांचे कुटुंबनिवृत्तीवेतनाचे कागद भरून देत. "रडून झालं की इथे सही करा, ताई. घाई नाही," असं म्हणून शांत बसून राहत. या सगळ्याचं मोल म्हणून ते फक्त बिनसाखरेचा चहा घेत. अर्ध्या जिल्ह्याची पेन्शन त्यांनी मार्गी लावली. स्वतःचा अर्ज मात्र वरच्या कार्यालयात जाऊन बसला होता.

निवृत्तीला दीड वर्ष उरलं असताना त्या अर्जाला उत्तर आलं. सर ते पत्र घेऊन स्टाफरूममध्ये आले आणि माझ्यासमोर ठेवलं. रविवारचे आणि मे महिन्यासकट सुट्टीचे सगळे खंड क्षमापित करता येतील, असं त्यात होतं. ते कधीच झाले नाहीत असं धरायचं. पण दोन हजार पाचच्या डिसेंबरात मधला रविवार सोडून आठ दिवसांचा खंड आहे, सगळे कामाचे दिवस, त्याचा खुलासा करावा. तो खंड क्षमापित झाला नाही तर त्याच्या आधीची सगळी सेवा पुसली जाणार होती. सर म्हणाले, "बघा बार्शीकर, आठ दिवस बारा वर्षं खाणार असं दिसतंय." मी "अरेरे" म्हणालो आणि पत्र परत दिलं.

त्या डिसेंबरचं मला सगळं आठवत होतं. नवीन आलेल्या प्राचार्यांनी हेडक्लार्कचं न ऐकता सरांना कामाच्या आठ दिवसांचा ब्रेक दिला होता. आणि नेमका त्याच आठवड्यात बार्शीत माझ्या घराचा स्लॅब टाकायचा होता. माझ्या किरकोळ रजा संपल्या होत्या. बिनपगारी रजा घ्यायची माझी तयारी नव्हती. मी टपरीवर गेलो आणि सरांना म्हणालो, "सर, आठ दिवस माझे तास तेवढे बघाल का? तुम्ही तसेही ब्रेकवरच आहात की." शब्द हेच होते. ते मला दुरुस्त करून सांगता आले असते तर बरं झालं असतं. सर म्हणाले, "जा की. स्लॅबवर पाणी नीट मारा." जो माणूस ब्रेकच्या दिवशी फाटकाच्या आत पाऊल टाकत नसे, तो आठ दिवस रोज आत गेला आणि माझे सगळे तास घेऊन आला. मी बार्शीत सकाळ-संध्याकाळ पाइप धरून स्लॅब भिजवत होतो. परत आलो तेव्हा मस्टरवरचे माझे आठही रकाने कोरे ठेवलेले होते. मी एका बैठकीत आठ सह्या केल्या. खऱ्या वाटाव्यात म्हणून दोन वेगवेगळी पेनं वापरली. त्या नोव्हेंबरात काय बदललंय आणि ते आठ दिवस कुठे जाऊन पोचणार आहेत हे तेव्हा कुणालाच कळलं नव्हतं, असं मी स्वतःला बजावत असतो. ते खरंही आहे. पण सह्या खोट्या आहेत हे तेव्हाही कळत होतं.

म्हणजे सर त्या आठ दिवसांत कामावर होते हे सांगू शकणारा माणूस मीच होतो, आणि ते सांगायचं तर मी कामावर नव्हतो हेही सांगावं लागणार होतं. मला जुनी पेन्शन आहे. खोटं मस्टर उघड झालं तर चौकशी लागेल, पेन्शन अडकेल, कदाचित खंड माझ्याच सेवेत येऊन बसेल. मी चार महिने गप्प राहिलो. त्या चार महिन्यांत सरांनी रोज माझ्यासमोर बसून डबा खाल्ला आणि तो विषय एकदाही काढला नाही. त्यांनी काढला असता तर मला राग तरी धरता आला असता. शेवटी एका रविवारी सकाळी मी प्रतिज्ञापत्राचा मसुदा लिहून त्यांच्या घरी गेलो. वहिनींनी कडक भाकरी आणि दही पुढे ठेवलं. मी तिकडे न बघता कागद सरांच्या हातात दिला.

सरांनी चष्मा लावला, खिशातून पेन काढलं आणि पहिल्याच ओळीत दुरुस्ती केली. "'मी खालील सही करणार' असं सुरू करा. वय लिहा. आणि इथे 'लाज वाटते' लिहिलंय ते काढा, प्रतिज्ञापत्रात वाटणं येत नाही."

"सर, मजकूर बघा ना."

"तेच बघतोय." त्यांनी कागद शेवटपर्यंत वाचला, दोन ठिकाणी स्वल्पविराम घातले आणि माझ्याकडे परत दिला. "मसुदा चांगला झालाय. उपयोग नाही."

"का पण? तुम्ही शिकवलंय. मी सांगतोय ना."

"आदेश कुठाय त्या आठ दिवसांचा? आदेश असला की सेवा. आदेशाशिवाय शिकवलं तर ती हौस. हौस पेन्शनला धरत नाहीत."

"तसा नियम आहे?"

"आहे."

"कोणता?"

सरांनी पेनाला टोपण लावलं. "आहे, बार्शीकर. भाकरी खा."

वहिनी मध्येच म्हणाल्या, "त्या आठ दिवसांत हे घरी फार खुशीत यायचे. मी विचारलं, ब्रेक आहे ना, मग एवढं काय? तर म्हणाले, आज मला कुणी ठेवलेलं नाही, म्हणजे काढूही शकत नाही."

सरांनी कन्नडमध्ये त्यांना काहीतरी म्हटलं, बहुधा चहा टाक असं, आणि त्या हसत आत गेल्या. मी भाकरी खाल्ली. हे लिहायला जड जातं, पण मला त्या क्षणी हायसं वाटलं होतं. घरी येताना रिक्षात मला पहिल्यांदा शंका आली. सगळ्या जिल्ह्याचे नियम ज्याला पाठ, तो मला एका नियमाचा क्रमांक का सांगत नव्हता? तो नियम खरा होता, की माझ्यापुरता तिथल्या तिथे केलेला होता? दुसऱ्या कुणा जाणकाराला विचारून खात्री करून घेणं अवघड नव्हतं. मी विचारलं नाही. आजपर्यंत विचारलेलं नाही. ते प्रतिज्ञापत्र सरांच्या स्वल्पविरामांसकट माझ्या कपाटात आहे.

सरांनी खुलासा पाठवला, त्यात माझं नाव नव्हतं. खंड क्षमापित झाला नाही. गेल्या वर्षी सर निवृत्त झाले, नव्या योजनेत. निरोपाच्या भाषणात त्यांनी बारा वर्षांचा उल्लेखही केला नाही, सीना नदीवर बोलले. हल्ली ते सकाळी सिद्धेश्वर तलावाला फेरी मारतात, आणि दहानंतर लोकांचे कागद घेऊन बसतात. येणाऱ्यांची गर्दी कमी झालेली नाही.

माझ्या निवृत्तीला आता दीड वर्ष आहे, आणि पेन्शनचे कागद आधीच तयार ठेवावे लागतात. मी ते दुसऱ्या कुणाकडून करून घ्यायचं ठरवलं होतं. पण सरांचाच फोन आला. "बार्शीकर, तुमचं सेवापुस्तक घेऊन या. उशीर केला की लोक रडतात." गेलो. ते एकेक रकाना मला विचारत, आणि उत्तर मिळायच्या आत स्वतःच लिहीत. माझी जन्मतारीख, नेमणुकीची तारीख, सगळं त्यांना पाठ होतं. मी समोर बसून त्यांच्या वळणदार अक्षराकडे बघत होतो. दुसऱ्या पानावर मध्येच एक रकाना आला. सेवेतील खंड, असल्यास तपशील.

सरांचं पेन थांबलं. बाहेर माग चालू होते. मी म्हणालो, "सर."

त्यांनी वर पाहिलं नाही. रकान्यात सावकाश, इतर अक्षरांपेक्षा जरा मोठं, त्यांनी लिहिलं: निरंक. मग कागद माझ्याकडे वळवला आणि सहीच्या जागेवर बोट ठेवलं. मी सही केली. त्यांनी कागद उचलला, शाईवर हळूच फुंकर घातली आणि म्हणाले, "वाळू दे."